प्रॅक्टिकल इफेक्ट्सच्या कामात शिरायचं कसं आणि टिकायचं कसं

कॅमेऱ्यासमोर जे खरोखर घडतं ते प्रॅक्टिकल. जखमेतनं वाहणारं रक्त, चेहऱ्यावर चिकटवलेली खोटी कातडी, खोटा पाऊस, धूर, फुटणारी काच, आतनं मोटर लावून डोळे फिरवणारा राक्षस, हे सगळं यात आलं. शूटिंग संपल्यावर कॉम्प्युटरवर जे होतं ते व्हीएफएक्स, ते खातं वेगळं. या कामात यायचं म्हणणारी बरीच मुलंमुली पहिला प्रश्न एकच विचारतात की कोर्स कुठला करू. कोर्सचं बघू नंतर, त्याआधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा कारण बाकी सगळं तिच्यावर उभं आहे: इफेक्ट एकदा जमला याला सेटवर फारशी किंमत नाही. तो दुसऱ्या टेकला, म्हणजे तोच शॉट परत घेताना, तसाच जमला पाहिजे, तिसऱ्यालाही, आणि दोन टेकच्या मध्ये किती वेळ लागणार हे तुम्हाला आधीच सांगता आलं पाहिजे. या मधल्या वेळाला सेटवर रिसेट म्हणतात, आणि काम मिळत राहतं ते ज्याचा रिसेट भरवशाचा असतो त्याला. घरी टेबलावर एकदा भारी जखम बनवणारे खूप आहेत. तीच जखम पहाटे चार वाजता, थकलेल्या नटाच्या मानेवर, सात मिनिटांत परत तशीच उभी करणारे कमी आहेत.

आधी ठरवा, नेमकं कुठलं काम

स्पेशल इफेक्ट्स आर्टिस्ट हे एक काम नाहीये, त्या नावाखाली चार-पाच वेगळी कामं आहेत आणि ती करणारी माणसं पण वेगळी असतात. पहिलं म्हणजे मेकअप इफेक्ट्स आणि प्रोस्थेटिक्स, जखमा, म्हातारपण, खोटं नाक, पूर्ण पात्राचा चेहरा. दुसरं क्रीचर आणि अ‍ॅनिमॅट्रॉनिक्स, म्हणजे ज्यात सर्वो मोटर, केबल, रिमोट कंट्रोल आणि कठपुतळी हलवणारे हात हे सगळं एकत्र येतं. तिसरं फ्लोअर इफेक्ट्स, पाऊस, वारा, धूर, आग, हलणारे सेट, तुटणारं फर्निचर. चौथं मिनिएचर, लहान आकाराच्या इमारती, जहाजं, गाड्या. आणि स्फोटांचं काम फ्लोअर इफेक्ट्सच्या आतच येतं पण त्याला परवाना लागतो म्हणून ते वेगळंच धरा.

हॉलिवूडमध्ये तर ही विभागणी युनियनपर्यंत गेलेली आहे, मेकअपवाले लोकल ७०६ या शाखेत आणि फ्लोअर इफेक्ट्सवाले लोकल ४४ मध्ये. तुम्ही कुठेही काम करा, खातं वेगळं म्हणजे साहेब वेगळा, ट्रेनिंग वेगळं, आणि काम मागायचं ते पण वेगळ्या माणसाकडे. हात क्लेमध्ये रमत असतील तर प्रोस्थेटिक्सकडे जा. लहानपणापासून खेळणी उघडून आत काय आहे बघायची खोड असेल तर अ‍ॅनिमॅट्रॉनिक्स. वेल्डिंग, प्लंबिंग, पंप, पाइप यात मन लागत असेल तर फ्लोअर इफेक्ट्स, आणि माझ्या मते नवीन माणसाला सगळ्यात लवकर काम तिथेच मिळतं, कारण हातानं काम येणारी, जड उचलायला आणि भिजायला तयार असलेली माणसं तिथे कायम लागतात आणि नवीन मुलं मात्र सगळी राक्षसाच्या चेहऱ्यामागे धावत असतात. सुरुवातीला दोन-तीन ठिकाणी हात घालून बघा, पण वर्षभरात एक निवडा. सगळं थोडं थोडं येणाऱ्याला कोणत्या कामाला बोलवायचं हे समोरच्याला कळत नाही.

शिकायचं काय, आणि कुठल्या क्रमानं

प्रोस्थेटिक्स धरलंत तर पहिली दोन कामं, शिल्प आणि शरीररचना. केमिकल नंतर. मॉनिटरवर बघून बनवलेली जखम लगेच ओळखू येते, कारण ती आधीच्या कुणाच्या तरी खोट्या जखमेची नक्कल असते. खऱ्या जखमेत कडा कशा सुजतात, चरबी पिवळी कुठे दिसते, दोन दिवसांनी निळं कुठे आणि हिरवं-पिवळं कुठे होतं, हे वैद्यकीय पुस्तकांतल्या फोटोंवरून शिका. म्हातारपणाचा मेकअप करायचा असेल तर प्रवासात समोर बसलेल्या म्हाताऱ्या माणसाचे कान बघा, नाकाचा शेंडा बघा, गाल खाली ओघळतात तेव्हा जबड्याची रेघ कुठे तुटते ते बघा. सुरकुत्या काढणं सोपं आहे, वजन दाखवणं अवघड आहे.

क्लेवर कातडीच्या सुरकुत्या काढायची एक साधी युक्ती आहे. क्लेवर पातळ प्लास्टिकचा कागद ताणून ठेवायचा आणि त्यावरून हत्याराने रेघ दाबायची. रेघेच्या दोन्ही कडा आपोआप गोलसर होतात आणि सुरकुती कोरल्यासारखी न दिसता खरी दिसते. हत्यार थेट क्लेवर चालवलंत तर कडा धारदार येतात, आणि साच्यातनं निघालेल्या तुकड्यावर त्याच जास्त उठून दिसतात.

आता चेहऱ्याचा साचा घेणं, ज्याला लाइफकास्ट म्हणतात. हे जरा सविस्तर सांगतो कारण इथे माणसाचा श्वास तुमच्या हातात असतो. आधी त्या व्यक्तीशी बसून बोला. दमा आहे का, सर्दी आहे का, बंद जागेची भीती वाटते का, कशाची अ‍ॅलर्जी आहे का. सर्दी असेल तर त्या दिवशी करूच नका. मग केसांवर बाल्ड कॅप, म्हणजे केस झाकणारी पातळ टोपी, भुवया, पापण्या आणि कपाळाच्या केसांच्या रेषेवर व्हॅसलिन. हाताची खूण ठरवून घ्या, अंगठा वर म्हणजे ठीक, हात वर म्हणजे आत्ताच्या आत्ता काढा, आणि हात वर गेला की का म्हणून विचारत बसायचं नाही, काढायचं. साचा घ्यायची पावडर म्हणजे अल्जिनेट, ते पाण्यात कालवलं की साधारण चार-पाच मिनिटांत बसतं, पाणी कोमट असेल तर अजून लवकर, गार असेल तर उशिरा, म्हणून पाण्याचं तापमान रोज मोजा, अंदाज नको. वरून खाली लावत या, डोळ्यांच्या कोपऱ्यात आणि ओठांच्या फटीत बोटानं हलकेच दाबा म्हणजे हवेचे बुडबुडे राहत नाहीत, आणि नाक सगळ्यात शेवटी. एका माणसाचं काम फक्त नाकपुड्या बघणं, दुसरं काहीही नाही, त्यानं बादली पण उचलायची नाही. नाकात नळ्या घालायची पद्धत कुठेतरी बघितली असेल तर विसरून जा, नळीनं नाकाचा आकार बिघडतो आणि धक्का लागला तर आत इजा होते. वरून प्लास्टर बँडेज लावायचं, ते कडक झालं की त्या व्यक्तीला पुढे वाकायला सांगायचं आणि आतल्या आत गाल हलवायला, चेहरा वेडावाकडा करायला सांगायचं, साचा स्वतःच सुटून हातात येतो. या सगळ्या वेळात तुम्ही बोलत राहायचं, आता काय लावतोय, किती वेळ राहिलाय. कान झाकलेले असतात म्हणून जरा मोठ्यानं बोला.

आणि साचा निघाल्यावर चहापाणी नंतर, आधी त्यात प्लास्टर किंवा स्टोन (जास्त कडक प्लास्टर) ओता. अल्जिनेटमध्ये बहुतेक पाणीच असतं, ते सुकायला लागलं की साचा आकसतो, आणि मग त्यावर केलेलं सगळं प्रोस्थेटिक खऱ्या चेहऱ्यावर बसत नाही. अजून एक, हे जीव तोडून सांगतो: कातडीवर थेट प्लास्टर ओतून हाताचा-पायाचा साचा कधीही घेऊ नका. प्लास्टर बसताना गरम होतं, जाड थरात इतकं गरम होतं की गंभीर भाजतं, आणि कडक झालेलं असल्यामुळे हात बाहेर पण काढता येत नाही.

आजकाल बऱ्याच ठिकाणी चेहरा स्कॅन करून, कॉम्प्युटरवर शिल्प करून थ्रीडी प्रिंट काढतात. ते पण शिका, पण हातानं क्ले शिकल्यावर. स्क्रीनवर झूम करून करून माणूस अशा बारकाव्यात अडकतो जो सेटवर चार फुटांवरून दिसतच नाही.

मटेरियलबद्दल थोडं. सुरुवात जिलेटिननं करा, जिलेटिन, ग्लिसरीन आणि पाणी, चुकलं तर परत वितळवून वापरता येतं. तोटा हा की गरम लाइटखाली आणि घामानं ते वितळतं, त्यामुळे मोठ्या कामात फार चालत नाही. फोम लेटेक्स हलकं आणि हलायला छान, पण ते फेटून, साच्यात भरून ओव्हनमध्ये तासन्‌तास भाजावं लागतं आणि हवामान बदललं की त्याचा मूडही बदलतो. हल्ली जास्त काम सिलिकॉनमध्ये होतं कारण त्यातनं प्रकाश थोडा आत जातो, कातडीतनं जातो तसाच. पण प्लॅटिनम सिलिकॉनचा एक हट्ट आहे, गंधक लागलं की ते बसतच नाही, चिकटच राहतं. म्हणजे गंधक असलेली क्ले चालत नाही, लेटेक्सचे हातमोजे चालत नाहीत, आधी लेटेक्स ओतलेला साचा नीट साफ न करता वापरला तर तो पण चालत नाही. रात्रभर बसवलेला साचा सकाळी उघडल्यावर आत चिकट रबडा निघाला तर आधी हातमोजे कुठले होते ते विचारा. नवीन क्ले, नवीन रंग, नवीन साचा, काहीही नवीन आलं की त्यावर चमचाभर सिलिकॉन ओतून टेस्ट, मगच मोठं काम.

आणि कडा. प्रोस्थेटिकची परीक्षा कडेवर होते. कड शून्य जाडीपर्यंत पातळ करून कातडीत विरघळली पाहिजे, म्हणूनच सिलिकॉनचे तुकडे कॅप प्लास्टिकच्या पातळ पिशवीत ओततात आणि चेहऱ्यावर चिकटवल्यावर त्या प्लास्टिकची कड त्याला चालणाऱ्या द्रावणानं, अल्कोहोलनं किंवा अ‍ॅसिटोननं, विरघळवतात. डोळ्याजवळ अ‍ॅसिटोन न्यायचं नाही हे वेगळं सांगायला नको. रंग देताना एकच स्किन कलर सपाट फासू नका, खरी कातडी एका रंगाची नसतेच, लाल, पिवळट, निळसर, तपकिरी असे पातळ थर ठिपक्या-ठिपक्यांनी एकावर एक द्यायचे आणि खालचा थर वरच्यातनं दिसू द्यायचा.

आता रिसेटकडे परत येतो, कारण प्रोस्थेटिक्समध्ये नवीन मुलं हा हिशेब हमखास विसरतात. एकदा लावलेला तुकडा काढताना त्याची कड फाटते, तो परत वापरता येत नाही. म्हणजे पात्राचं शूटिंग २० दिवस असेल आणि चेहऱ्यावर तीन तुकडे असतील तर ६० तुकडे, वर फाटले-बिघडले तर म्हणून जास्तीचे. त्यात शेवटचा तुकडा पहिल्यासारखाच दिसला पाहिजे, कारण सीन उलटसुलट क्रमानं शूट होतात. म्हणून शिल्पाइतकंच साच्याचं टिकाऊपण महत्त्वाचं, आणि रंगाचं मिश्रण डोळ्यानं नाही तर वजनानं, ग्रॅममध्ये लिहून ठेवायचं. प्रत्येक बॅचवर तारीख आणि नंबर. लावायला किती तास लागतात, काढायला किती, हे स्वतःवर किंवा मित्रावर घड्याळ लावून मोजा, कारण नटाला किती वाजता बोलवायचं हे तुमच्या त्या आकड्यावर ठरतं. मोठा चेहरा लावायला तीन-चार तास सहज जातात आणि काढायला तासभर, आणि काढताना घाई करून ओढलं तर दुसऱ्या दिवशी लावायला कातडीच शाबूत नसते. गोंदाची पॅच टेस्ट शूटिंगच्या एक-दोन दिवस आधी, प्रत्येक नटावर, तो म्हणाला मला काही होत नाही तरी.

रक्त

यावर वेगळं लिहितो कारण पहिलं काम बहुधा रक्ताचंच मिळतं. ब्लॅक अँड व्हाइटच्या काळात चॉकलेट सिरप चालायचं कारण रंग दिसतच नव्हता, फक्त घट्टपणा आणि काळोखी दिसायची. रंगीत आल्यावर रंगाची डोकेदुखी सुरू झाली. अमेरिकन मेकअप आर्टिस्ट डिक स्मिथची कॉर्न सिरपवाली रेसिपी फार गाजली, पण तिच्यात फोटो धुताना वापरायचं एक रसायन होतं जे तोंडात जाऊ देण्यासारखं नाही. म्हणून नियम असा की तोंडातलं रक्त वेगळं बनवायचं, वेगळ्या बाटलीत, वेगळ्या रंगाचं झाकण, वर मोठ्या अक्षरात लिहिलेलं, आणि त्यात खाण्यायोग्य गोष्टींशिवाय काही नाही.

समजा सीन असा आहे की मानेवर वार होतो आणि रक्त वाहायला लागतं. मानेवरच्या खोट्या कातडीखालून बारीक नळी जाते, कॉलरच्या आतनं पाठीवरून खाली, आणि फ्रेमच्या बाहेर बसलेल्या माणसाच्या हातात मोठी सिरिंज. हे कागदावर सोपं आहे. पण नळीत हवा राहिली तर आधी बुडबुडा येतो आणि फस्स करून रक्त उडतं, म्हणून टेकच्या आधी नळी तोंडापर्यंत भरून ठेवायची. नळी लांब असेल तर दाबल्यापासून रक्त दिसेपर्यंत अर्धा-एक सेकंद जातो, मग नटाच्या हालचालीच्या तेवढं आधी दाबायचं, हा अंदाज रिहर्सलमध्ये साध्या पाण्यानं बसवायचा. रक्त पातळ असेल तर ओघळ पाण्यासारखा पळतो, घट्ट असेल तर नळीतच अडकतं. शर्ट पांढरा असेल तर प्रत्येक टेकला नवा शर्ट, म्हणजे कॉस्च्युमवाल्यांना किती शर्ट लागतील हे आठवडाभर आधी सांगायचं, ऐनवेळी नाही. आणि रिसेटमध्ये काय काय आलं बघा: कातडी पुसणं, गोंदाची कड तपासणं, शर्ट बदलणं, नळी धुऊन परत भरणं, फरशी पुसणं, नटाचा मेकअप. हे सगळं आधी एकदा पूर्ण करून घड्याळात बघा. दिग्दर्शकानं विचारलं किती वेळ, तर बारा मिनिटं म्हणा आणि दहाव्या मिनिटाला तयार राहा. पाच म्हणून पंधरा लावणाऱ्याला परत फोन येत नाही.

रंग सीनच्या खऱ्या लाइटखाली, खऱ्या कॅमेऱ्यावर तपासा. वर्कशॉपमध्ये परफेक्ट दिसणारं रक्त निळ्या लाइटखाली काळं दिसतं.

पाऊस, धूर, काच आणि स्फोट

कॅमेऱ्यावर खरा पाऊस बऱ्याचदा दिसतच नाही. दिसायला थेंब मोठे लागतात आणि मागून लाइट लागतो. पाण्याचं काम म्हणजे विजेचंही काम, त्यामुळे इलेक्ट्रिशियनशी बोलल्याशिवाय नळ उघडायचा नाही. धुरात फॉग (दाट धूर) वेगळं, हेझ (हवेत पसरलेला विरळ धूर) वेगळं, ड्राय आइस (गोठवलेला कार्बन डायऑक्साइड) वेगळं. ड्राय आइस उणे ७८.५ अंशांवर थेट वायू होतो, तो वायू हवेपेक्षा जड, जमिनीलगत साचतो, दिसायला सुंदर, पण बंद खोलीत, खड्ड्यात, तळघराच्या सेटमध्ये तो श्वासाची हवा हटवतो. जमिनीवर पडलेल्या नटाचा सीन असेल तर हे दहादा विचार करून करा आणि ऑक्सिजन मोजायचं मीटर ठेवा. काच पूर्वी साखरेची करायचे, ती हवेतलं पाणी ओढून मऊ पडायची, आता रेझिनची करतात. एके काळी खोटा बर्फ म्हणून अ‍ॅस्बेस्टॉस उडवायचे, आता कागदाचा किंवा फेसाचा बर्फ वापरतात. दिसायला निरुपद्रवी आहे म्हणून ते निरुपद्रवी असतंच असं नाही, हे या धंद्यानं माणसांच्या फुप्फुसांवर शिकलंय.

स्फोटांबद्दल एकच सांगतो, घरी काहीही करायचं नाही. कपड्याखाली रक्ताच्या पिशवीबरोबर फुटणारा छोटा स्क्विब असो की गाडी उडवणं असो, ते परवाना असलेल्या माणसाचं काम आहे. कॅलिफोर्नियात स्पेशल इफेक्ट्सच्या पायरोटेक्निक परवान्याचे तीन वर्ग आहेत आणि वरच्या वर्गाला जायला अनुभव दाखवावा लागतो, इतर ठिकाणी नियम वेगळे पण रस्ता तोच, परवानाधारकाच्या हाताखाली काही वर्षं तारा ओढायच्या, बॅरिकेड लावायचे, आग विझवायचं सिलिंडर धरून उभं राहायचं. व्हिडिओ बघून स्फोटाची दारू बनवणारा माणूस कुठल्याही शहाण्या टीमला नको असतो. गोळी लागल्याचा इफेक्ट शिकायचाच असेल तर दाबलेल्या हवेवर चालणारी पद्धत आहे, तिच्यापासून सुरू करा, ती सुद्धा शिकवणारा माणूस शेजारी असताना.

मिनिएचरचं एक गणित

मॉडेल कितीही सुंदर असलं तरी वेग चुकला की ते खेळणं दिसतं. कारण गुरुत्वाकर्षण लहान होत नाही. १६ मीटरवरून पडणाऱ्या वस्तूला जमिनीवर यायला साधारण १.८ सेकंद लागतात, त्याच इमारतीचं सोळा पट लहान मॉडेल केलं तर १ मीटरवरून ती ०.४५ सेकंदात येते, म्हणजे चौपट लवकर. म्हणून कॅमेरा चौपट वेगानं चालवायचा, सेकंदाला २४ ऐवजी ९६ फ्रेम. नियम असा की जितके पट लहान, त्याच्या वर्गमुळानं २४ ला गुणायचं, चार पट लहान असेल तर ४८. पाणी आणि आग मात्र कुणाचं ऐकत नाहीत, थेंबाचा आकार काही लहान होत नाही, म्हणून पाण्याचं काम असेल तर मॉडेल जमेल तेवढं मोठं करा. हे गणित ज्याला तोंडपाठ आहे तो मीटिंगमध्ये कॅमेरामनशी बरोबरीनं बोलू शकतो.

काम मिळवायचं कसं

कोर्स करावा का, तर चांगला मिळाला तर जरूर करा, मुख्य फायदा हा की महागडं मटेरियल दुसऱ्याच्या देखरेखीखाली हाताळायला मिळतं आणि बरोबरीची माणसं भेटतात, पुढे हीच माणसं काम देतात. पण सर्टिफिकेट बघून कुणी घेत नाही, फोटो बघून घेतात. पोर्टफोलिओत तयार कामाबरोबर क्ले, साचा, ओतलेला तुकडा, लावण्याचा प्रत्येक टप्पा दाखवा, आणि चेहरा हलतानाचा व्हिडिओ टाका, कारण स्थिर फोटोत बरं दिसणारं प्रोस्थेटिक बोलताना उघडं पडतं. फिल्टर लावू नका, साध्या उजेडात जवळून काढा. टीममध्ये केलं असेल तर तुम्ही काय केलं तेवढंच लिहा, साचे साफ केले असतील तर तसं लिहा, ही लाइन छोटी आहे, सगळे सगळ्यांना ओळखतात. आणि रिलीज न झालेल्या कामाचे फोटो टाकायचे नाहीत, कितीही हात शिवशिवले तरी.

अजून एक गोष्ट पोर्टफोलिओत ठेवा जी फारसं कुणी ठेवत नाही, ब्रेकडाउन. कुठलीही पटकथा घ्या, मित्राच्या शॉर्टफिल्मची घ्या, प्रत्येक इफेक्टवर खूण करा आणि तक्ता बनवा: सीन नंबर, दिवस की रात्र, नट भिजतो का, जखम ताजी की दोन दिवसांची, अंदाजे किती टेक, रिसेट किती, किती कपडे, अजून कोणत्या खात्याशी बोलायचं. वर्कशॉप चालवणाऱ्याला हा तक्ता दिसला की त्याला कळतं की याला सेट कसा चालतो ते समजतं.

ज्येष्ठांना लिहा. डिक स्मिथ आपली गुपितं लपवून ठेवत नसत, पुढे मोठा मेकअप आर्टिस्ट झालेल्या रिक बेकरनं विशीच्या आतच त्यांना पत्र लिहून आपल्या कामाचे फोटो पाठवले होते, तिथनं ओळख वाढली. पुढे १९८१ पासून ऑस्करमध्ये मेकअपची कॅटेगरी दरवर्षीच्या बक्षिसांत आली तेव्हा तिचं पहिलं बक्षीस रिक बेकरलाच मिळालं, आणि डिक स्मिथना २०११ साली मानद ऑस्कर. तेव्हा लिहायला लाजू नका, फक्त "मला काम द्या" एवढंच लिहू नका. स्वतःचं काम दाखवा आणि एक नेमका प्रश्न विचारा, माझ्या तुकड्याची कड या जागी उचलतेय, मी हे हे करून बघितलं, अजून काय करू. अशा प्रश्नाला उत्तर येतं.

सुरुवातीचं काम म्हणजे झाडू मारणं, सिलिकॉन मोजणं, सीम (तुकड्यावर उठलेली साच्याच्या जोडाची रेघ) घासणं, केस एकेक करून टोचणं. ते नीट करा. सीम घासणाऱ्याच्या हातात प्रत्येक चांगल्या-वाईट साच्याचे तुकडे येतात, साचा कुठे चुकतो हे त्याला आपोआप कळायला लागतं.

व्हीएफएक्समुळे हे काम संपणार का असं विचारतात. मला तसं दिसत नाही, बरंच काम आता मिळून होतं. कॅमेऱ्यासमोर खरा तुकडा, आणि नळी किंवा दांडा नंतर कॉम्प्युटरवर पुसतात. म्हणून व्हीएफएक्स सुपरवायझरशी आधीच बोला, काय दिसलं तर चालेल, काय नाही. त्यानं पुसून देतो म्हटलं की तुमचा रिसेट निम्म्यावर येतो.

मधल्या रिकाम्या महिन्यांचं पण बघावं लागतं, कारण काम फ्रीलान्स असतं आणि सलग नसतं. नाटक, म्युझियम, थीम पार्क, आणि डॉक्टर-नर्स-सैनिकांच्या ट्रेनिंगसाठी खोट्या जखमा करणं, ज्याला मुलाज म्हणतात, ही सगळी याच हातांची कामं आहेत. मुलाजचं काम तर मी मनापासून सुचवेन, तिथे जखम खोटी दिसली की शिकणारा चुकीचं शिकतो, त्यामुळे हात फार पक्का होतो.

फुप्फुसं, कातडी, झोप

धुळीचा मास्क वाफेला चालत नाही. सॉल्व्हंटला ऑरगॅनिक व्हेपरचं कार्ट्रिज, प्लास्टर-फायबरच्या धुळीला पार्टिक्युलेट फिल्टर, आणि दाढी असेल तर मास्क चेहऱ्याला घट्ट बसतच नाही. युरेथेन फोममधल्या आयसोसायनेटची एकदा अ‍ॅलर्जी बसली की पुढे थोड्याशा वाफेनं सुद्धा दम लागू शकतो, त्या माणसाला ते मटेरियल कायमचं सोडावं लागतं. प्रत्येक डब्याबरोबर सेफ्टी डेटा शीट येते, ती वाचा आणि वर्कशॉपमध्ये लावून ठेवा. नवीन मुलगा मास्क मागायला लाजतो, म्हणून मोठ्यांनी आधी लावायचा. आणि सोळा तासांच्या शिफ्टनंतर गाडी चालवू नका, झोपायची सोय मागून घ्या.

पहिला फोन आला की

हो म्हणण्याआधी हे विचारून घ्या, आणि उत्तरं मेलवर लिहून मागा. किती शूटिंगचे दिवस, आणि तयारीचे दिवस वेगळे धरलेत का, कारण प्रोस्थेटिक्समध्ये तयारी शूटिंगपेक्षा लांब असते आणि नवीन माणूस फक्त शूटिंगच्या दिवसांचे पैसे सांगून मोकळा होतो. मटेरियल कोण आणणार, तुमची हत्यारं वापरली तर त्याचं भाडं वेगळं का, आगाऊ किती. नटाचा साचा कधी मिळणार, कारण त्याशिवाय काम सुरूच होत नाही. कॅमेरा टेस्टचा एक दिवस आहे का, नसेल तर मागा. किती टेक अपेक्षित आहेत आणि वर जास्तीचे किती. विमा कुणाचा. सेटवर क्यू, म्हणजे इफेक्ट सुरू करायचा इशारा, कोण देणार, फर्स्ट असिस्टंट डायरेक्टर की कॅमेरा. धोक्याचं काही असेल तर थांबवायचा अधिकार कुणाला, आणि तो तुम्हाला पण आहे का. या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर नाही असं आलं तर ते काम सोडून द्या.